किराया महिन्याचा, मदत वर्षाची



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांच्या घरी खेड्यातून शिकायला आलेल्या मुलांचा कायम राबता असे. पडवीत वळकट्या असत, आणि घरात शिजेल त्यातला वाटा त्या मुलांना मिळे. त्या काळी मराठवाड्यातली बरीच पिढी अशीच शिकली. कुणी नातेवाइकाकडे राहिलं, कुणी वार लावून जेवलं, कुणी देवळाच्या ओवरीत अभ्यास केला. गुरुजींचं हे ऋण मोठं आहे. पण एका शिक्षकाच्या पडवीत मावतील एवढीच मुलं शहरात येत होती, तो काळ मागे पडला. आता नांदेड आणि लातुरात दरवर्षी हजारो मुलं-मुली येतात. त्यांना खोली लागते, आणि खोलीला किराया लागतो. हा किराया भरताना गरीब घराला सरकारचा हात किती लागतो, कधी लागतो आणि कुणापर्यंत पोचतच नाही, एवढाच आज माझा विषय आहे. विषय लहान वाटेल. माझ्या मते मराठवाड्यातल्या गरीब घराच्या शिक्षणाचा आणि शहरातल्या वास्तव्याचा निकाल याच गोष्टीवर लागतो.

जून महिना डोळ्यांसमोर आणा. लातूरच्या बसस्थानकावर देवणी, जळकोट, अहमदपूरकडच्या गाड्या लागतात. नांदेडला किनवट, मुखेड, देगलूर, हदगावच्या. ट्रंक, गादी आणि पिंप घेऊन बाप उतरतो, सोबत दहावी झालेलं पोर. लातुरात औसा रोड, खाडगाव रोड, ट्यूशन एरिया. नांदेडात श्यामनगर, भाग्यनगर, बाबानगर. दारादारावर पाट्या असतात: रूम किरायाने देणे आहे, कॉट बेसिस, फक्त मुलींसाठी, लाईटबिल वेगळे. घरमालक डिपॉझिट मागतो आणि पहिल्या महिन्याचा किराया आगाऊ मागतो. त्यात त्याचंही फार चुकतं असं मला वाटत नाही; त्यानेही कर्ज काढून वरचा मजला चढवलेला असतो. पण जून हा बापाचा कुठला महिना आहे ते पाहा. मृग निघालेला असतो. सोयाबीनची बॅग, खताची पोती, ट्रॅक्टरचं भाडं, सगळं याच पंधरवड्यात उभं असतं. घरात पैसा येणार तो सोयाबीन निघाल्यावर, दसरा-दिवाळीच्या सुमाराला. म्हणजे शेतकरी किंवा शेतमजूर घराच्या हाती वर्षातला सगळ्यात कमी पैसा ज्या महिन्यात असतो, त्याच महिन्यात शहर त्याच्याकडे वर्षातली सगळ्यात मोठी रक्कम मागतं. ही फट सावकार भरतो, किंवा बायकोच्या गळ्यातलं गहाण पडतं. सरकारी मदतीचा विचार इथून सुरू व्हायला हवा होता. तो तिथून सुरू झाला नाही, आणि पुढचं सारं दुखणं त्यातून आलं.

राहण्याची सोय झाल्याशिवाय गरिबाचं पोर शिकत नाही, हे महाराष्ट्राला शंभर वर्षांपूर्वी कळलं होतं. राजर्षी शाहू महाराजांनी १९०१ साली कोल्हापुरात व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग उभं केलं. त्यानंतर एकेका समाजासाठी वसतिगृहं निघत गेली, आणि १९०८ साली अस्पृश्य मानल्या गेलेल्या मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग निघालं. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९२४ साली साताऱ्यात सगळ्या जातींची मुलं एका छपराखाली आणली. आपला मराठवाडा तेव्हा निजामाच्या राज्यात होता, ही परंपरा इथे उशिरा पोचली. मुक्तीनंतर १९५० साली दोन मोठ्या गोष्टी घडल्या. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी औरंगाबादेत मिलिंद महाविद्यालय काढलं, आणि स्वामी रामानंद तीर्थांच्या प्रेरणेने नांदेडात पीपल्स कॉलेज सुरू झालं. लातूरला १९६१ साली दयानंद आणि १९७० साली राजर्षी शाहू महाविद्यालय आलं. पुढे 'लातूर पॅटर्न' नावारूपाला आला. त्याच्या जडणघडणीत ज्यांचं नाव आदराने घ्यावं लागतं, ते शाहू महाविद्यालयाचे प्राचार्य जनार्दन वाघमारे १९९४ साली आपल्या स्वामी रामानंद तीर्थ विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले. महाविद्यालयं वाढली, शिकवण्या वाढल्या, वैद्यकीय प्रवेशासाठी नीट आली आणि देशभर एकच परीक्षा झाली. वसतिगृहाच्या खाटा मात्र त्या प्रमाणात वाढल्या नाहीत. अर्ज करणारी मुलं खूप आणि खाटा थोड्या, हे चित्र समाज कल्याणच्या वसतिगृहांत वर्षानुवर्षं राहिलं.

त्याला उत्तर म्हणून राज्य सरकारने जानेवारी २०१७ मध्ये एक योजना काढली, भारतरत्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना. अनुसूचित जाती आणि नवबौद्ध समाजातल्या ज्या विद्यार्थ्याला शासकीय वसतिगृहात जागा मिळत नाही, त्याला राहण्या-जेवणाचा खर्च थेट त्याच्या बँक खात्यात द्यायचा. अकरावीपासून पुढच्या शिक्षणाला ती लागू आहे. पालकांचं वार्षिक उत्पन्न अडीच लाखांच्या आत हवं, गुणांची अट आहे, ७५ टक्के उपस्थिती हवी, आणि विद्यार्थी त्या शहराचा स्थानिक रहिवासी नसावा. मला ही योजना मनापासून महत्त्वाची वाटते. सरकारने त्यातून मान्य केलं, की खाट देता येत नसेल तर खाटेचे पैसे देणं हे आपलं काम आहे. आदिवासी विद्यार्थ्यांसाठी स्वयम् योजना आहे. २०२३ च्या डिसेंबरात इतर मागास, विमुक्त, भटक्या आणि विशेष मागास प्रवर्गांसाठी ज्ञानज्योती सावित्रीबाई फुले आधार योजना आली. मराठा आणि आर्थिकदृष्ट्या दुर्बल घरांसाठी डॉ. पंजाबराव देशमुख यांच्या नावाची निर्वाह भत्ता योजना आहे. ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी २०२१ साली संत भगवानबाबांच्या नावाने ८२ वसतिगृहं मंजूर झाली, त्यांत आपले दोन्ही जिल्हे आहेत.

एवढं सांगून झाल्यावर आता आकड्यांकडे येतो, कारण किरायाचा प्रश्न शेवटी आकड्यांचा असतो.

स्वाधारमध्ये शहरांचे गट केले. मुंबई, ठाणे, पुणे, नागपूर यांच्यासारख्या शहरांत वर्षाला ६०,००० रुपये. विभागीय मुख्यालयाची शहरं आणि क वर्ग महानगरपालिका यांत ५१,०००. इतर जिल्ह्याच्या ठिकाणी ४३,०००. नांदेड आणि लातूर या दोन्ही ड वर्ग महानगरपालिका, म्हणून आपण ४३,००० च्या गटात. त्यातले २५,००० जेवणाचे, ६,००० किरकोळ खर्चाचे आणि १२,००० निवासाचे. वैद्यकीय आणि अभियांत्रिकीच्या मुलांना साहित्यासाठी वर ५,०००, इतरांना २,०००. आता हे महिन्यावर आणा. जेवणाला दिवसाचे सत्तर रुपयेसुद्धा पडत नाहीत. आणि खोलीला महिन्याचे १,००० रुपये.

महिन्याला हजार रुपयांत लातूरच्या औसा रोडला किंवा नांदेडच्या भाग्यनगरात कुठली खोली मिळते? तिघांनी मिळून एक खोली घेतली तरी एकाच्या वाट्याला येणारा किराया यात बसत नाही. मग मुलं जेवणाच्या पैशातून किराया भरतात. मेस एक वेळची लावतात, रविवारी गावाकडून आलेल्या भाकरी दोन दिवस पुरवतात. किरायाची कमतरता ताटातून भरून निघते, हे मी शिक्षक म्हणून वर्षानुवर्षं पाहिलं आहे. वर्गात दुपारी पेंगणारं पोर आळशी असतं असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा त्याच्या खोलीवर जाऊन यावं.

या आकड्यांशेजारी दुसरा एक आकडा ठेवतो. किरायाला मदत करणं ही सरकारला नवी गोष्ट नाही. आपल्या कर्मचाऱ्यांना सरकार घरभाडे भत्ता देतं, आणि तो दिलाच पाहिजे. केंद्र सरकारच्या वर्गवारीत नांदेड-वाघाळा वाय गटात आहे, लातूर झेड गटात. सातव्या वेतन आयोगानंतर अगदी खालच्या पायरीवरच्या केंद्रीय कर्मचाऱ्यालासुद्धा वाय शहरात महिन्याला किमान ३,६०० रुपये आणि झेड शहरात किमान १,८०० रुपये भत्ता ठरला. तो दरमहा पगाराबरोबर मिळतो. शिवाय महागाई भत्ता २५ टक्क्यांवर गेला की घरभाड्याचे दर वाढतील, ५० टक्क्यांवर गेला की पुन्हा वाढतील, असं आधीच लिहून ठेवलं होतं आणि तसंच झालं. मूळ वेतनाच्या २४, १६ आणि ८ टक्क्यांवरून ते दर ३०, २० आणि १० टक्क्यांवर गेले. त्यासाठी कुणाला कलेक्टर कचेरीसमोर बसावं लागलं नाही. म्हणजे किराया कसा द्यायचा, तो वेळेवर कसा पोचवायचा आणि महागाईबरोबर कसा वाढवायचा, याचं सगळं शहाणपण सरकारजवळ आहे. ते विद्यार्थ्याच्या आणि मजुराच्या बाबतीत वापरलं गेलेलं नाही. २०१७ साली स्वाधारचे जे ६०, ५१ आणि ४३ हजार ठरले, तेच आकडे जवळपास सात वर्षांनी निघालेल्या आधार योजनेत उतरवले गेले. मधल्या सात वर्षांत आपल्या शहरांत कुठल्या खोलीचा किराया जागेवर थांबला?

दराइतकीच, किंबहुना दराहून मोठी गोष्ट वेळेची आहे. किराया महिन्याच्या पहिल्या आठवड्यात द्यावा लागतो. मदत अर्ज, छाननी, निवडयादी, उपस्थितीचा दाखला आणि निधीचं वितरण या सगळ्या पायऱ्या उतरून येते. वर्षाचा पहिला हप्ता शैक्षणिक वर्ष निम्मं-अधिक सरल्यावर, कधी ते वर्ष संपल्यावर येतो. स्वाधारच्या थकलेल्या हप्त्यांसाठी मुलांनी लातूर, नांदेड, औरंगाबाद, पुणे इथे किती वेळा मोर्चे काढले, हे वर्तमानपत्र वाचणाऱ्याला सांगायला नको. त्याचा परिणाम काय होतो? ज्या घराजवळ वर्षभर किराया भरायची ऐपत आहे, तेच घर मदत येईपर्यंत तग धरतं. ज्याच्याजवळ ती ऐपत नाही, तो ऑक्टोबरात ट्रंक उचलून गावाकडे जातो, त्याची उपस्थिती मोडते, आणि मग नियमाप्रमाणे तो मदतीलाही मुकतो. सगळ्यात गरीब मुलाला गाळून उरलेल्यांना मदत करणारी ही रचना आहे. ती तशी व्हावी असं कुणाच्या मनात नव्हतं, हे मला माहीत आहे. पण मनात नसताना झालेलं नुकसानही त्या पोराच्या वाट्याला तेवढंच येतं.

कागदाचाही एक अडसर आहे. अर्जासोबत भाड्याने राहत असल्याचा करार किंवा चिठ्ठी लागते. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९ प्रमाणे भाडेकरार लेखी आणि नोंदणीकृत असायला हवा आणि ती नोंदणी करणं ही घरमालकाची जबाबदारी आहे. न केल्यास शिक्षासुद्धा सांगितली आहे. हा कायदा येण्याआधी मराठवाड्याला हैदराबाद राज्याचा १९५४ चा घरभाडे कायदा लागू होता. म्हणजे भाड्याच्या कायद्याची कल्पना आपल्याला अनोळखी नाही. पण आपल्या गल्ल्यांतला बहुतेक किराया तोंडी चालतो. घरमालकाला भीती असते की कागद केला तर महानगरपालिका घरपट्टी वाढवेल, उद्या खोली रिकामी करून मिळणार नाही. तो मुलाला म्हणतो, खोली घे, कागद मागू नको. मग मुलगा बाँडवर कुणाची तरी विनवणी करून सही आणतो, किंवा अर्जच करत नाही. मुलींच्या बाबतीत आणखी प्रश्न विचारले जातात. आणि आडनाव ऐकून 'खोली आत्ताच गेली' असं सांगणारी दारं या दोन्ही शहरांत आहेत, हे इथे बसलेल्या पुष्कळांनी सोसलेलं आहे. ज्याला खोली मिळवतानाच जात आडवी येते, त्याच्याकडून सरकार घरमालकाच्या मर्जीचा कागद मागतं. हे उलटं झालं पाहिजे. मुलाने आपण कुठे राहतो आणि काय किराया देतो ते स्वतः लिहून द्यावं, आणि पडताळणी वॉर्डाच्या कर्मचाऱ्याने करावी.

आणखी एक गोष्ट पाहा. एकाच खोलीत तीन मुलं राहतात. एक अनुसूचित जातीचा, एक वंजारी, एक मराठा. घरमालक एक, किराया एक, डबा एक. पण तिघांनी तीन वेगळ्या खात्यांकडे जायचं, तीन वेगळे अर्ज, तीन वेगळ्या तारखा, आणि आधार योजनेत तर जिल्ह्याला ६०० विद्यार्थ्यांची मर्यादा. प्रत्येक समाजाच्या वंचनेचा इतिहास वेगळा आहे आणि कुणाला प्राधान्य द्यायचं ते त्यातून ठरतं, याबद्दल माझ्या मनात संशय नाही. बाबासाहेबांच्या नावाची योजना कुणात विरघळवून टाकावी असंही मी म्हणत नाही. पण पैसे पोचवण्याची खिडकी एक करता येईल. आणि जो मुलगा एक वर्ष गॅप घेऊन नीटची पुन्हा तयारी करतो, त्याचं काय? तो कुठल्याच महाविद्यालयाच्या पटावर नसतो, म्हणून कुठल्याच योजनेत बसत नाही. लातूर-नांदेडच्या खोल्यांत अशी रिपीटर मुलं खूप आहेत, आणि त्यातल्या गरीब मुलांचा सगळा भार एकट्या घरावर असतो.

आपल्या भागातला किराया म्हणजे नुसती खोली नव्हे, पाणीही. २०१६ चा उन्हाळा आठवा. लातूरला पाण्याच्या ठिकाणी जमावबंदी लावावी लागली. १२ एप्रिलला मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे आली, पाच लाख लिटर पाणी घेऊन. त्या वर्षी खोल्यांत राहणारी किती मुलं पाणी नाही म्हणून परत गेली! ज्यांनी टँकर घेतला त्यांचा किराया पाण्यापायी वाढला. दुसरा फटका २०२० साली बसला: टाळेबंदीत मुलं गावी होती, सामान खोलीत होतं, किराया चालू होता. केंद्राने २९ मार्च २०२० ला कामगारांकडून महिनाभर किराया मागू नये असा आदेश काढला, आणि एप्रिलमध्ये राज्याच्या गृहनिर्माण विभागाने किमान तीन महिने वसुली पुढे ढकला अशी सूचना दिली. पुढे ढकललेला किराया माफ होत नाही. जिथे मजुरी बुडाली होती तिथे तो तिमाहीचा एकदम उभा राहिला.

इथवर मी विद्यार्थ्याबद्दल बोललो. आता ज्यासाठी हा विषय निवडला तिकडे वळतो.

त्याच गल्लीत, त्याच घरमालकाच्या मागच्या खोलीत एक कुटुंब राहतं. नवरा मोंढ्यात हमाली करतो किंवा लातूरच्या गंजगोलाईत हातगाडी ओढतो, बायको चार घरची धुणीभांडी करते. हे कुटुंबही बहुधा त्याच तालुक्यातून आलेलं असतं ज्या तालुक्यातून तो विद्यार्थी आला. त्याच्यासाठी किरायाची कुठलीच योजना नाही. आपल्याकडे गरिबाच्या घराचा विचार म्हणजे मालकीच्या घराचा विचार. नांदेडची निवड नेहरू नागरी पुनर्निर्माण अभियानात झाली होती, वस्त्यांमध्ये पक्की घरं झाली, त्याचं श्रेय दिलंच पाहिजे. पंतप्रधान आवास योजनेत स्वतःच्या जागेवर घर बांधायला अडीच लाख मिळतात, केंद्राचे दीड आणि राज्याचा एक. पण त्याला आधी जागा लागते. किरायाने राहणाऱ्याजवळ जागाच नसते. आणि गावाकडे आई-वडिलांनी दिलेलं दोन खोल्यांचं पक्कं घर आपल्या नावावर असेल, तर देशात कुठेही पक्कं घर नसावं या अटीने तो बाहेर जातो. त्या गावात त्याला काम नाही, हे अटीला दिसत नाही. २०११ च्या जनगणनेत देशातल्या शहरी कुटुंबांपैकी साडेसत्तावीस टक्के किरायाने राहत होती. एवढ्या लोकांसाठी गृहनिर्माणाच्या धोरणात जागा अगदी थोडी आहे. २०२० साली टाळेबंदीनंतर परवडणाऱ्या भाडे संकुलांची योजना आली, आणि २०२४ पासूनच्या आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात भाड्याच्या घरांचा स्वतंत्र घटक आहे. तो घर बांधणाऱ्याला मदत करतो. किराया भरणाऱ्याच्या हातात त्यातून काही येत नाही.

आणि इथे एक कठीण गोष्ट सांगितली पाहिजे. विद्यार्थी आणि हे कुटुंब एकाच खोलीसाठी एकमेकांच्या समोर उभे राहतात. घरमालकाला हिशेब कळतो. एका कुटुंबाला खोली दिली तर एक किराया येतो, त्याच खोलीत तीन-चार खाटा टाकल्या तर तीन-चार किराये येतात. कुटुंबाची पोरं, पाहुणे, पाण्याचा वापर, यांपेक्षा दहा महिने राहून मेमध्ये निघून जाणारी मुलं बरी. म्हणून शिकवण्यांच्या भागांतून कामकरी कुटुंबं हळूहळू शहराच्या कडेला सरकली, आणि धुणीभांडी करणाऱ्या बाईला रोज कामावर यायला रिक्षाचे पैसे पडू लागले. उद्या विद्यार्थ्याची मदत वाढली आणि खोल्या वाढल्या नाहीत, तर वाढीव पैसा किरायात जिरेल आणि या कुटुंबावरचा दाब आणखी वाढेल. फ्रान्समध्ये किरायाच्या अनुदानाचा अभ्यास झाला तेव्हा वाढीव अनुदानाचा मोठा हिस्सा चढ्या किरायाच्या रूपाने घरमालकाकडे गेल्याचं दिसलं होतं. मदत देऊ नये, हा त्याचा अर्थ मी लावत नाही. दोन्ही भाडेकरूंचा विचार एकत्र करा आणि सोबत खोल्याही वाढवा, असा मी तो लावतो. खरं तर पुष्कळ वेळा विद्यार्थी आणि कुटुंब वेगळे नसतातच. अकरावीच्या पोराला डबा करून घालायला आई सोबत येऊन राहते, धाकटी बहीण इथल्याच शाळेत जाते, बाप गावी शेत बघतो. स्वाधारच्या कागदावर मात्र तो एकटा विद्यार्थी असतो.

बाहेरच्या देशांतून आपण काय घ्यावं? जर्मनीत १९६५ पासून वोनगेल्ट नावाचं किराया-अनुदान आहे. कमी उत्पन्नाच्या कामकरी घराला ते मिळतं. तिथे शहरांची वर्गवारी त्या शहरातल्या खऱ्या किरायाच्या पातळीवरून करतात, आणि अलीकडे दर दोन वर्षांनी रक्कम आपोआप वाढवण्याची तरतूद केली आहे. आपल्याकडे वर्गवारी ठरते ती महानगरपालिका कुठल्या वर्गाची यावरून. लातूरच्या शिकवण्यांच्या गल्लीतला किराया त्या वर्गाला विचारून ठरत नाही. अमेरिकेत १९७४ पासून भाडे-साहाय्य आहे: कुटुंबाने उत्पन्नाच्या साधारण ३० टक्के भरायचे, उरलेला किराया सरकार घरमालकाला देतं. पण तिथेही पात्र कुटुंबांपैकी जेमतेम चौथ्या हिश्श्याला ते मिळतं, बाकीचे यादीत थांबतात. ब्रिटनने २०२० ते २०२४ अनुदानाचे दर गोठवून ठेवले आणि त्या काळात किराये वाढत राहिले, त्याचा त्रास तिथल्या गरिबांनी भोगला. श्रीमंत देशांतही दर गोठवले की मदत पोकळ होते, एवढं यातून घेण्यासारखं आहे.

आता नांदेड-लातुरात काय करता येईल ते सांगतो, आणि हे मी मागणी म्हणून सांगतो.

निवासाची रक्कम बाकीच्या भत्त्यांतून वेगळी काढावी आणि ती आगाऊ, दर महिन्याच्या पहिल्या तारखेला खात्यात पडावी. जूनमध्ये डिपॉझिटसाठी एक रक्कम प्रवेशाच्या पावतीवर लगेच द्यावी. उपस्थिती कमी भरली तर पुढचा हप्ता थांबवता येतो, पण पहिला हप्ता उपस्थितीची वाट पाहू शकत नाही, कारण खोलीशिवाय उपस्थिती लागत नाही. दर ठरवताना शहराचा वर्ग बघू नये, शहरातला खरा किराया बघावा, आणि कर्मचाऱ्यांच्या घरभाडे भत्त्याला जोडलेली महागाईची कडी इथेही जोडावी. रिपीटर मुलांना एका वर्षापुरतं सामावून घ्यावं. आणि विद्यार्थ्यांबरोबरच, अडीच लाखांच्या आत उत्पन्न असलेल्या, किरायाने राहणाऱ्या कामकरी कुटुंबांसाठी या दोन शहरांत किराया-साहाय्य प्रयोग म्हणून सुरू करावं. विधवा, एकल महिला, हमाल, घरकामगार, सफाई कामगार यांच्यापासून सुरुवात व्हावी. सोबतच महानगरपालिकांनी आवास योजनेच्या भाड्याच्या घटकातून आपल्या जागांवर खोल्या बांधाव्यात, नाहीतर वर सांगितलेला धोका खरा ठरेल.

कुणी विचारेल, एवढा पैसा कुठून आणायचा. रास्त प्रश्न आहे. पण आज त्याचं उत्तर कुणीच देऊ शकत नाही, कारण नांदेडात आणि लातुरात किरायाने राहणारी कुटुंबं किती, ती काय किराया भरतात, याची नोंद कुठल्याही लोककल्याणाच्या खात्याजवळ नाही. भाडेकरूंची माहिती सध्या पोलीस ठाणं मागतं, आणि तेही संशयापोटी. तीच माहिती महानगरपालिकेच्या वॉर्ड कार्यालयाने मदतीसाठी घ्यायला सुरुवात करावी: एक पानाचा अर्ज, घरात माणसं किती, शिकणारी किती, कमावणारी किती, किराया किती, पाणी कुठून. घरमालकाला लेखी हमी द्यावी की या नोंदीवरून घरपट्टी वाढणार नाही. दोन्ही महानगरपालिकांना यासाठी मुंबईच्या परवानगीची वाट पाहावी लागणार नाही. विद्यापीठाच्या समाजकार्य आणि अर्थशास्त्राच्या मुलांना हाताशी धरलं तर उन्हाळ्याच्या सुट्टीत हे काम होईल; त्यातली पुष्कळ मुलं स्वतःच किरायाने राहतात, त्यांना कुठल्या गल्लीत काय विचारायचं ते शिकवावं लागणार नाही. ही नोंद येत्या मेमध्ये सुरू व्हावी, आणि जूनमध्ये खोल्या भरण्याआधी तिचे पहिले आकडे दोन्ही शहरांच्या सर्वसाधारण सभेपुढे यावेत, अशी विनंती मी या व्यासपीठावरून करतो.